माणशी वाटा, गाडीमागे वाटा

परवा आमच्या नातवाने माझ्या ज्ञानात मोलाची भर घातली. टीव्हीवर त्याने मला ‘इट्स अ मॅड, मॅड, मॅड, मॅड वर्ल्ड’ लावून दिला, स्वतः अर्धा तास पाहिला आणि उठता उठता म्हणाला, “आजोबा, हा तर ‘धमाल’वरून ढापलाय!” ‘धमाल’ २००७ सालचा, हा १९६३ सालचा. पण नातवंडांचं इतिहासशास्त्र सोपं असतं. जे आपण आधी पाहिलं ते आधी झालं. मी वाद घातला नाही. एक तर वाद घालून रिमोट जाण्याची शक्यता होती.

हा चित्रपट मी पहिल्यांदा पाहिला तो चौदाव्या वर्षी, फोर्टातल्या एका थिएटरात, दादाबरोबर. दादाला नुकतीच नोकरी लागली होती आणि पहिल्या पगारातून त्याने दोन तिकिटं काढली होती. दादाचं हसणं म्हणजे एक प्रकरण असे. आधी खांदे हलायला लागत, मग आवाज बंद पडे आणि शेवटी असा जबरदस्त ठसका लागे की शेजारचे लोक पडदा सोडून त्याच्याकडे बघत. त्या दिवशी त्याला सात-आठ वेळा ठसका लागला. मी हसलो ते निम्मं चित्रपटाला आणि निम्मं दादाला. इंग्रजी मला कुठे एवढं कळत होतं!

तर गोष्ट अशी. कॅलिफोर्नियातल्या एका डोंगरी रस्त्यावरून एक भरधाव गाडी दरीत कोसळते. मागून येणाऱ्या चार वाहनांतले पाच पुरुष भूतदयेने खाली उतरतात. तिथे मरणपंथाला लागलेला एक जुना चोर त्यांना सांगतो की सांता रोझिटाच्या बागेत साडेतीन लाख डॉलर पुरलेत, एका मोठ्या ‘डब्ल्यू’खाली. एवढं बोलून तो मरतो आणि मरताना पायाने एक बादली लाथाडतो. इंग्रजीत बादली लाथाडणं म्हणजे राम म्हणणं. तेव्हा हा गृहस्थ मरता मरता वाक्प्रचाराचं प्रात्यक्षिक करून जातो. हे मला थिएटरात कळलं नव्हतं. दादाने घरी आल्यावर डिक्शनरीत काढून दाखवलं आणि मी दुसऱ्या दिवशी सकाळी दात घासताना हसलो.

यानंतर लोकांना आठवतं ते सगळं पळापळीचं. पण मला या खेपेला गंमत वाटली ती पळापळ सुरू होण्याआधीच्या दहा मिनिटांची. ही मंडळी पुढे जाऊन रस्त्याच्या कडेला गाड्या लावतात आणि सभ्य माणसांसारखी वाटणीची बैठक भरवतात. दातांचा डॉक्टर अध्यक्षासारखा बोलतो. गाड्या चार आहेत, चार सारखे वाटे करा. ठीक. पण मग गाडीत तीन माणसं असलेला म्हणतो, माणशी वाटा का नको? माणशी म्हटल्याबरोबर ट्रकमधला एकटा ड्रायव्हर बिथरतो. मग खाली दरीत कोण उतरलं आणि वर गाडीत पावडर लावत कोण बसलं, हा मुद्दा निघतो. मग गाडीमागे एक, माणशी एक, उतरल्याबद्दल एक असे वाटे वाढत जातात, आणि डॉक्टरसाहेब अपूर्णांकांतून मार्ग काढत असताना प्रत्येकाला एकच गोष्ट स्वच्छ दिसते. ती म्हणजे कुठल्याही पद्धतीने मोजलं तरी दुसऱ्याला जास्त मिळतंय. झालं. बैठक मोडते आणि सगळे आपापल्या गाड्यांकडे धावतात.

हा प्रसंग पाहताना मला घाम फुटला. कारण ही बैठक मी पाहिली आहे. कॅलिफोर्नियात नव्हे, राजापूरजवळच्या आमच्या घराच्या पडवीत. आजोबांच्या घराची वाटणी करायला आम्ही सहा चुलत-सख्खे भाऊ जमलो होतो. मोठ्या काकांच्या मुलाने सांगितलं, घराण्यामागे वाटा. तो एकटाच मुलगा, त्यामुळे त्याला हे न्यायाचं वाटलं. ज्यांच्या घराण्यात तिघे होते त्यांना माणशी वाटा हीच शास्त्राज्ञा वाटली. दादा म्हणाला, कौलं दरवर्षी मी शाकारून घेतो, त्याचं काय? मी म्हणालो, आईचं आजारपण माझ्याकडे झालं, त्याचं काय? खरं सांगतो, आईचं आजारपण मी हिशेबात धरेन असं मला तोंडातून ते वाक्य बाहेर पडेपर्यंत माहीत नव्हतं. शेवटी फणसाच्या झाडाचा मुद्दा निघाला. झाड एकाच्या हद्दीत होतं, फांद्या दुसऱ्याच्या, आणि फणस मात्र नेमके तिसऱ्याच्या अंगणात पडत. दातांचा डॉक्टर आमच्यात नव्हता एवढंच.

चित्रपटातल्या लोकांना निदान साडेतीन लाख डॉलर दिसत होते. आमच्या घराला त्या वेळी गिऱ्हाईकसुद्धा नव्हतं.

म्हणून मला वाटतं, स्टॅन्ली क्रेमर या दिग्दर्शकाला हाव दाखवायची होती असं जे सगळे म्हणतात ते अर्धंच खरं आहे. पैसा पाहून ही माणसं बिघडत नाहीत. पैसा त्यांनी अजून पाहिलेलाही नसतो. ती बिघडतात हिशेब करताना. चोर मेल्यापासून बैठक मोडेपर्यंत कोणी कोणाला फसवलेलं नाही, सगळे रीतसर बोलत आहेत, आणि तरी शेवट व्हायचा तोच होतो. इतकी नेमकी दहा मिनिटं विनोदी चित्रपटांत मी फार थोड्या वेळा पाहिली आहेत.

त्यानंतर मात्र चित्रपट गाडीत बसतो आणि डोकं रस्त्यावर विसरतो. विमानं होर्डिंग फोडून जातात, मोटारी नदीत बुडतात, दातांचा डॉक्टर बायकोसकट एका दुकानाच्या तळघरात कोंडला जातो आणि सुटकेसाठी डायनामाइट लावतो. एक अख्खा पेट्रोल पंप एकटा जोनाथन विंटर्स हातांनी पाडतो. तो प्रसंग मात्र आजही झकास आहे, कारण दोन चष्मेवाले मालक आपला पंप कोसळताना पाहतात तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर भीतीपेक्षा अविश्वास जास्त आहे. बाकी नुसता आवाज. या चित्रपटाला एकच ऑस्कर मिळालं आणि तेही ध्वनिपरिणामांसाठी. परीक्षक मंडळी विनोदी असावीत. पहिल्या खेळांच्या वेळी तर मध्यंतरातही पोलिसांच्या वायरलेसचे संवाद थिएटरात ऐकवत असत म्हणे. म्हणजे लघुशंकेलासुद्धा शांतता नाही. सुरुवातीला तीन तासांहून लांब असलेला चित्रपट पुढे कापून अडीच तासांच्या आसपास आणला. रसिक त्याबद्दल हळहळतात. मी हळहळत नाही. कात्री आणखी थोडी चालली असती तरी माझी तक्रार नव्हती.

क्रेमरचं मूळ दुखणं वेगळं आहे. हा गंभीर माणूस. ‘इनहेरिट द विंड’ आणि ‘जजमेंट ॲट न्युरेंबर्ग’ या लागोपाठच्या दोन चित्रपटांत त्याने प्रेक्षकांना कोर्टात बसवलं होतं. असा माणूस विनोद करायला बसला की आमच्या हेडमास्तरांसारखं होतं. स्नेहसंमेलनात त्यांनी विनोदी नाटुकलं बसवलं तेव्हा वर्गातला एकही मुलगा बाहेर राहता कामा नये म्हणून बावन्न पात्रं घातली होती. क्रेमरनेही हॉलिवुडातला एकही विनोदी नट बाहेर ठेवला नाही. मिल्टन बर्ल, सिड सीझर, फिल सिल्व्हर्स, मिकी रूनी, इंग्लंडहून टेरी-थॉमस. थ्री स्टूजेस नुसते अग्निशामक दलाच्या वेषात उभे राहतात आणि काही सेकंदांत जातात. बस्टर कीटन, ज्याने ‘द जनरल’मध्ये एकट्याने आगगाडीशी विनोद केला, तो इथे होडीवाल्याच्या चिमुकल्या कामात येतो आणि जातो. पाहुण्याला बोलवायचं, हात हलवून घ्यायचे आणि जेवायला वाढायचं नाही, याला काय म्हणायचं? कीटनला एकट्याला ती होडी आणि दहा मिनिटं देऊन पाहायचं होतं. पंधरा मोटारी वाचल्या असत्या.

इथेल मर्मनच्या सासूबाईंबद्दल आमच्या सौ.चं आणि माझं एकमत नाही. त्या सतत ओरडतात आणि पर्सने मारतात म्हणून मला त्या तिसऱ्या प्रसंगानंतर नकोशा झाल्या. सौ.चं म्हणणं असं की, “जावई असला म्हटल्यावर दुसरं काय करणार?” एवढं मात्र खरं, की त्यांचा मुलगा सिल्व्हेस्टर हा या वेड्यांच्या बाजारातला एकच प्राणी असा आहे जो पैशाच्या उलट दिशेने गाडी हाकतो. आई फोनवर किंचाळली म्हणजे आई संकटात आहे, एवढंच त्याला कळतं. बागेजवळ राहणारा माणूस बागेकडे जायचं सोडून आईकडे निघतो आणि सगळे त्याला मूर्ख म्हणतात. दात घासताना हसण्याच्या वयात मीही म्हटलं होतं.

आता स्पेन्सर ट्रेसीबद्दल. पोलीस कॅप्टन कल्पेपर. अख्खी नोकरी इमानाने केलेली, निवृत्ती दारात, पेन्शन तुटपुंजी, आणि घरून बायकोमुलीचे भांडणाचे फोन. आपल्या खुर्चीत बसून तो नकाशावर या वेड्यांची धावपळ पाहत असतो. चौदाव्या वर्षी मला हा माणूस कंटाळवाणा वाटला होता. तो आला की मी खारे दाणे खायचो. आता मी स्वतः पेन्शन खातो. या खेपेला बाकीचे पडद्यावर असताना मी दाणे खाल्ले आणि हा आला की टोकरी बाजूला ठेवली.

ट्रेसी म्हणजे दोनच वर्षांपूर्वी न्युरेंबर्गच्या खटल्यातला न्यायाधीश! सचोटी म्हणून ज्याचा चेहरा दाखवावा असा नट. तब्येत खालावलेली, चालणं जड झालेलं. हा माणूस हॅट काढतो, खिडकीबाहेर बघतो, आणि कुठल्याही विनोदावाचून आपल्याला कळतं की आता हाही पळणार. त्याचा साहेब मेयरला दम देऊन त्याची पेन्शन तिप्पट करून घेतो. आणि ती बातमी येते तेव्हा कल्पेपर पैशाची सूटकेस घेऊन निघालेला असतो. सरकारी ऑर्डर उशिरा येते हे सांगायला मला अमेरिकेचा दाखला नको होता, पण इतकी जिव्हारी लागणारी उशिराची ऑर्डर मी दुसरी पाहिली नाही. तिथे मी हसलो नाही. क्रेमरलाही तिथे मी हसावं असं वाटत नसावं. अडीच तास गाड्या आपटून हा माणूस जे शोधत होता ते त्याला इथे सापडलं, आणि नंतर पुन्हा आपटाआपटीच्या नादात त्याच्या हातून निसटलं.

शेवटी कल्पेपर धरून अकरा पुरुष, म्हणजे क्रिकेटची अख्खी टीम, एका मोडक्या इमारतीच्या जिन्याला आणि मग आगीच्या बंबाच्या शिडीला लोंबकळतात. सूटकेस उघडते आणि साडेतीन लाख डॉलर खालच्या बघ्यांवर पडतात. ‘धमाल’मध्ये हेच धन गोव्याच्या बागेत आहे, डब्ल्यूही तोच, पण शेवटी आपली मंडळी मुलांच्या मदतीच्या समारंभात जाऊन पडतात आणि पैसे दान करून टाळ्या घेतात. हा फरक मी नातवाला समजावून सांगितला. आपल्याकडे चोरसुद्धा शेवटच्या रिळात सुधारल्याशिवाय प्रेक्षक घरी जात नाहीत. क्रेमरचं कोणी सुधारत नाही. पैसे ज्याच्या अंगावर पडले त्याचे झाले. आमच्या फणसाचंही तेच झालं. घर पडायला आलंय, वाटणी अजून व्हायची आहे, आणि फणस वाटेने जाणारा कोणीही उचलून नेतो. चांगला कापा आहे, असं ऐकतो.

इस्पितळात हे अकराही जण प्लास्टरमध्ये पडलेले असतात आणि सगळे कल्पेपरवर खेकसतात. त्याची नोकरी गेली, पेन्शन गेली, घर गेलं. आता आपण पुन्हा कधी हसू असं त्याला वाटत नाही. इतक्यात सासूबाई तावातावाने आत येतात, बोट नाचवत, आणि केळीच्या सालीवरून घसरून धाडकन पडतात. केळीची साल! तीन तास विमानं आणि डायनामाइट वापरून झाल्यावर या गंभीर माणसाला अखेर केळीच्या सालीवर यावं लागलं. आणि ट्रेसी हसायला लागतो. आधी थोडा, मग सगळ्यांबरोबर.

मी पण हसलो, आणि शेजारून ठसक्याची वाट पाहिली. मग लक्षात आलं की शेजारी सौ. आहे, आणि ती झोपली आहे.

पडवीतल्या त्या बैठकीला चार वर्षं झाली. तेव्हापासून दादाशी माझं बोलणं नव्हतं. मी फोन लावला. त्याने उचलला, पण बोलला काहीच नाही. मी म्हणालो, “ती सासू केळीच्या सालीवरून पडते, आठवतं का रे?”

पलीकडे बराच वेळ आवाज नाही. मला वाटलं, ठेवला. आणि मग तो ओळखीचा ठसका आला. चांगला दीड मिनिट चालला. पाणी प्यायल्याचा आवाज आला. मग दादा म्हणाला,

“त्या तिकिटाचे पैसे तुझ्याकडून अजून यायचे आहेत.”