'निरवशेष' : एका विशेषणाची व्याप्ती

नाशिकच्या लेणे क्र. ३ मधील गौतमी बलश्रीचा प्राकृत लेख तिच्या पुत्रास, गौतमीपुत्र सातकर्णीस, क्षहरात वंशाचा 'निरवसेसकर' म्हणतो. यावरून कुलसंहाराचे अनुमान काढणे सोपे आहे. परंतु अपराधी शत्रूचीही प्राणहिंसा त्यास रुचत नसे, असे तोच लेख सांगतो. दोन्ही विशेषणे एकत्र वाचली असता, निरवशेष झाली ती सत्ता, माणसे नव्हेत, असा अर्थ संभवतो. जोगळटेंभी येथे १९०६ मध्ये सापडलेली, सातकर्णीने पुन्हा ठसा उमटविलेली नहपानाची हजारो नाणी या अर्थास पोषकच आहेत. तथापि प्रशस्ती म्हणजे साक्ष नव्हे. नहपानकन्या दक्षमित्रेने लेणे क्र. १० मध्ये दिलेला 'ओवरक', म्हणजे आपली ओवरी, व त्यावरील तिचा लेख आजही शाबूत आहे. तिचे व तिच्या संततीचे पुढे काय झाले, याविषयी मात्र विजेत्याची माता मौनच पाळते.