कात्सुरा बेइचो (तिसरा)

कात्सुरा बेइचो (तिसरा) : (६ नोव्हेंबर १९२५–१९ मार्च २०१५). जपानमधील राकुगो ह्या विनोदी कथनकलेचा श्रेष्ठ कलावंत. मूळ नाव नाकागावा कियोशी. जन्म तत्कालीन जपानी अंमलाखालील दाइरेन (सध्याचे चीनमधील दाल्येन) येथे. बालपण हिमेजी येथे गेले. तोक्यो येथे शिकत असताना राकुगोचे अभ्यासक मासाओका इरुरू ह्यांचे मार्गदर्शन त्यास लाभले. १९४७ मध्ये चौथा कात्सुरा योनेदांजी ह्याचे शिष्यत्व त्याने पतकरले.

राकुगोचा कथाकार आसनावर गुडघे मोडून बसतो. पंखा व हातरुमाल एवढ्याच साधनांनिशी तो आवाज आणि मान वळविण्याची दिशा बदलून सर्व पात्रे उभी करतो. ओसाका-क्योतो भागातील ‘कामिगाता’ परंपरेत ह्यांखेरीज छोटे मेज, ते वाजविण्याची लाकडी पट्टी आणि पडद्यामागील वाद्यसंगीत ह्यांचाही वापर होतो. पाचवा शोकाकू (१९५०) व दुसरा हारुदांजी (१९५३) ह्यांच्या मृत्यूंनंतर ही परंपरा संपली, असेच मानले जात होते. सहावा शोकाकू, तिसरा हारुदांजी, पाचवा बुन्शी व बेइचो ह्या चौघांनी तिला नवजीवन दिले.

बेइचोचे वैशिष्ट्य असे, की तो कलावंत होता तसाच संशोधकही होता. वृद्ध कथाकारांच्या आठवणी व जुन्या लघुलेखित संहिता ह्यांच्या आधारे त्याने विस्मृतीत गेलेल्या कथा पुन्हा रंगभूमीवर आणल्या. त्यांपैकी ‘जिगोकु बाक्केइ’ ही मृतांच्या नरकयात्रेची तासाहून अधिक चालणारी कथा विशेष गाजली. नरकातील नाट्यगृहाबाहेर दिवंगत कथाकारांच्या नावांबरोबर ‘बेइचो, लवकरच येत आहे’ अशी पाटी लागल्याचे तो सांगे, तेव्हा प्रेक्षकांत हशा उसळे.

असे पुनरुज्जीवन म्हणजे जतन की नवनिर्मिती, हा प्रश्न येथे उपस्थित होतो. कालबाह्य रूढींचा खुलासा तो प्रास्ताविकातच करी आणि मोडकळीस आलेले शेवट नव्याने जुळवी. त्यामुळे जुन्या कथनातील काहीसा रांगडेपणा लोपला. त्याची शैली नेटकी व संयत, क्वचित अतिसंस्कारित वाटते. तथापि केवळ जुन्याची नक्कल केली असती, तर ह्या कथा ग्रंथालयापुरत्याच उरल्या असत्या. त्याची स्वरचित ‘इचिमोनबुए’ ही कथा ह्याचा पुरावा होय. पश्चात्तापाने उजव्या हाताची दोन बोटे तोडून घेतलेला खिसेकापू पुन्हा चोरी करतो आणि आपण डावखुरे असल्याचे अखेरीस सांगतो. करुणा व विनोद ह्यांचा असा मेळ परंपरा अंगी मुरल्याविना साधत नाही.

शिष्यांवर त्याने आपली शैली लादली नाही. दुसरा शिजाकू (मृत्यू १९९९) ह्याचा उसळता आंगिक विनोद गुरूच्या संयमाच्या अगदी उलट होता. त्याने इंग्रजीतूनही राकुगो सादर केले. मुलगा पाचवा योनेदांजी हाही कथाकारच आहे. बेइचोला ‘जिवंत राष्ट्रीय ठेवा’ (१९९६) आणि राकुगो-कथाकारांत प्रथमच संस्कृती सन्मान (२००९) हे बहुमान लाभले. २००६ मध्ये ओसाका येथे राकुगोसाठी कायमचे नाट्यगृह पुन्हा उभे राहिले, ते त्याच्या हयातीतच.