दिगू टिपणीस : दुय्यम भूमिकेचा प्रश्न
निळू फुले (१९३०–२००९) यांच्या अभिनयाची चर्चा बहुधा बेरकी खलनायकाच्या साच्यापाशी थांबते. ‘एक गाव बारा भानगडी’तील (१९६८) झेलेअण्णांनंतर मराठी चित्रपटाने हा साचा अतोनात वापरला, समीक्षेनेही तो निमूटपणे स्वीकारला. जब्बार पटेल यांच्या ‘सिंहासन’मधील (१९७९) पत्रकार दिगू टिपणीस मात्र त्यात बसत नाही. कथानकाच्या दृष्टीने तो दुय्यम. सत्तेच्या डावात त्याची एकही खेळी नाही. तो पाहतो, ऐकतो. पण या पाहण्यामुळेच अरुण सरनाईकांचा मुख्यमंत्री आणि श्रीराम लागूंचा विश्वासराव दाभाडे प्रेक्षकाला एकाच पातळीवर दिसू लागतात. दाभाडे मंत्रिमंडळात परततो, तेव्हा दिगूला वेडे हसू फुटते. चित्रपटाचा निवाडा त्या हसण्यात आहे, आणि तो नायकाकडे सोपवलेला नाही.