तक्त्यातला पुंजका आणि डबक्यातली अंडी

बेडकाच्या जीवनचक्राचा तक्ता नसलेली शाळा विरळाच. पाण्यातला अंड्यांचा पुंजका, शेपटीवाला टॅडपोल, पाय फुटलेले पिल्लू आणि शेवटी बेडूक अशी गोलात मांडलेली चित्रे आपण सर्वांनी शिकवली आहेत. आमच्या शाळेतल्या तक्त्याबद्दल तक्रार करण्यापूर्वी एक मान्य करतो, की रूपांतराचा क्रम त्यात अचूक आहे. आधी मागचे पाय, मग पुढचे, आणि शेपूट गळून न पडता अंगात जिरते, हे चित्रकाराने नीट दाखवले आहे.

घोटाळा पहिल्याच चित्रात आहे. चेंडूसारखा तो पुंजका युरोपातल्या राना टेम्पोरारिया या बेडकाच्या अंड्यांशी तंतोतंत जुळतो. इंग्रजी पुस्तकांतून तो इकडे आला असावा. पहिल्या पावसानंतर आपली मुले डबक्याकाठी गेली, तर त्यांना दिसतात भेकाच्या अंड्यांच्या लांबलचक माळा, जेलीत ओवलेले काळे मणीच जणू, पाणवनस्पतींभोवती गुंडाळलेले. मायक्रोहायला या इवल्याशा बेडकाची अंडी पाण्यावर पातळ सायीसारखी पसरतात. आणि झाडबेडकाची मादी पाण्यात अंडी घालतच नाही. पाण्यावर झुकलेल्या फांदीवर किंवा टाकीच्या भिंतीवर ती मागच्या पायांनी स्राव घुसळून फेस करते. अंडी त्या फेसात वाढतात आणि टॅडपोल खाली पाण्यात पडतात.

हा फेस ओळखता न आल्याची चूक माझ्याही पदरी आहे. एका जुलैत शाळेच्या सिमेंटच्या टाकीवरचा असा गोळा मुलांनी साबण समजून खराट्याने घासून काढला. मी शेजारीच उभा होतो. मलाही तो साबणच वाटला! तक्त्यात तसे काही नव्हते ना.

सह्याद्रीत तर तक्त्याचे वर्तुळच तुटते. राओर्चेस्टेस गणातल्या झुडपी बेडकांच्या अंड्यांतून थेट चिमुकले बेडूक बाहेर येतात. मोकळा पोहणारा टॅडपोल नसतोच. रत्नागिरी जिल्ह्यातला गेगेनिओफिस शेषाचारी हा देवगांडूळही उभयचरच, पण तो पिल्लांना जन्म देतो, हे २००८ साली प्रसिद्ध झाले.

यावर उपाय म्हणून तक्त्यात आणखी दहा चित्रे कोंबावीत, असे मला वाटत नाही. अंडी पाण्यात आहेत की वर, सुटी आहेत, माळेत आहेत की फेसात, पाणी साचलेले की वाहते, हे विचारायची सवय लागली तरी पुष्कळ. नुसत्या अंड्यांवरून जात बहुधा ठरत नाही. त्या जागी रात्री कोण ओरडते तेही ऐकावे लागते. अंडी मात्र उचलून वर्गात आणू नयेत, जागीच पाहावीत.

पहिल्या चित्रावर मी यंदा कोरा कागद चिकटवला आहे. मुलांनी त्यावर आतापर्यंत चार आकार काढलेत. त्यांतल्या एकाचा धनी अजून सापडलेला नाही.