व्यवस्थापन शिक्षणातील प्रवेशाचे निकष आणि शुल्क : आयआयएमच्या संदर्भात एक चिकित्सा

भारतीय व्यवस्थापन संस्थांतील, म्हणजेच आयआयएममधील, प्रवेशाचे निकष हा गुणवत्तेचा प्रश्न आणि शुल्क हा अर्थकारणाचा प्रश्न, अशी विभागणी करण्याची प्रथा आहे. ही विभागणी सोयीची असली तरी तपासून पाहण्याजोगी आहे.

फेब्रुवारी २००४ मध्ये तत्कालीन मनुष्यबळ विकास मंत्री मुरली मनोहर जोशी यांच्या खात्याने या संस्थांचे वार्षिक शुल्क सुमारे दीड लाख रुपयांवरून ३० हजारांवर आणण्याचा आदेश काढला. त्यावरून उठलेला वाद मुख्यतः स्वायत्ततेभोवती फिरला. त्याच वर्षी केंद्रात सत्तांतर झाले आणि अर्जुन सिंग यांच्या कारकिर्दीत तो आदेश मागे घेण्यात आला. वादात एक मूलभूत प्रश्न मात्र दुर्लक्षित राहिला : शुल्क भरण्याची वेळ येईपर्यंत उमेदवार नेमके कोणते उरतात?

कॅट ही परीक्षा केवळ इंग्रजीतून होते. तिच्या तीन विभागांपैकी एक संपूर्णपणे इंग्रजी भाषेच्या आकलनावर बेतलेला आहे. त्यापुढे अहमदाबाद, बंगळूरसारख्या संस्था दहावी-बारावीचे गुण आणि कामाचा अनुभवही जमेस धरतात. वयाच्या पंधराव्या वर्षी ग्रामीण शाळेत मिळालेले गुण विद्यार्थ्याचा असा दीर्घकाळ पाठलाग करतात. निकष वस्तुनिष्ठ आहेत, हे मान्यच. परंतु वस्तुनिष्ठ निकष समन्यायी असतोच असे नाही. शिकवणी वर्गांचा खर्च तर अधिकृत शुल्कात कोठेच दिसत नाही. म्हणूनच २००४ ची शुल्ककपात टिकली असती, तरी तिचा लाभ बव्हंशी आधीच चाळून आलेल्या वर्गाला झाला असता. मुंबईतील जमनालाल बजाज संस्थेचे शुल्क आयआयएमच्या तुलनेत पुष्कळ कमी आहे. तेथील चुरस त्यामुळे वाढते, प्रवेशाची चाळणी मात्र रुंदावत नाही.

याचा अर्थ शुल्क गौण आहे, असा नव्हे. २०१७ च्या कायद्याने संचालक मंडळांना शुल्क ठरविण्याचा अधिकार दिला. अहमदाबादच्या दोन वर्षांच्या अभ्यासक्रमाचे शुल्क आज वीस लाखांच्या पुढे आहे. 'कर्ज मिळते, मग अडचण कोणती?' हा त्यावरील नेहमीचा युक्तिवाद. हा युक्तिवाद प्रवेशापुरता खरा आहे. प्रवेशानंतरच्या आयुष्याचा त्यात विचार नाही. वीस लाखांचे ऋण डोक्यावर असलेला पदवीधर सल्लागार संस्था वा गुंतवणूक बँक सोडून सहकारी साखर कारखाना, जिल्हा रुग्णालय किंवा नगरपालिका यांकडे वळेल, ही अपेक्षा भाबडी ठरते.

येथे संस्थेच्या मूळ प्रयोजनाचे स्मरण आवश्यक आहे. अहमदाबादची संस्था १९६१ मध्ये केंद्र सरकार, गुजरात राज्य आणि स्थानिक उद्योगपती यांच्या सहभागातून उभी राहिली. विक्रम साराभाई तिच्या शिल्पकारांपैकी एक. तिचे पहिले पूर्णवेळ संचालक रवी मथाई यांनी पद सोडल्यानंतर राजस्थानातील जवाजा येथे विणकर व चर्मकारांसमवेत व्यवस्थापनाचा प्रयोग केला. व्यवस्थापन म्हणजे केवळ कंपन्यांचे व्यवस्थापन नव्हे, ही त्यामागील भूमिका होती. कर्जाधिष्ठित शुल्करचनेत त्या भूमिकेला फारसा वाव उरत नाही.

आरक्षणाने चित्र काही प्रमाणात बदलले. २००६ चा इतर मागासवर्गीयांसाठीचा कायदा २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने वैध ठरविला. तथापि आयआयटीच्या पदवी अभ्यासक्रमात अनुसूचित जाती-जमातींच्या विद्यार्थ्यांना शिकवणी शुल्क माफ असते, तशी सरसकट तरतूद आयआयएममध्ये नाही. तेथे संस्थानिहाय शिष्यवृत्त्या आणि केंद्राच्या मर्यादित योजना यांवरच भिस्त ठेवावी लागते. जागा राखीव, पण ती परवडण्याची व्यवस्था अनिश्चित, अशी ही विसंगती आहे.

वेतनाचे आकडे कसे मांडावेत यासाठी या संस्थांनी पुढाकार घेऊन प्रमाणित पद्धती विकसित केली. सरासरी आणि मध्यक दोन्ही देण्याची शिस्त लावली, हे स्वागतार्ह आहे. तीच शिस्त प्रवेशितांचे कौटुंबिक उत्पन्न, शालेय माध्यम आणि कर्जाचे प्रमाण यांनाही लावता येण्याजोगी आहे. ही माहिती दरवर्षी समोर आली, तर गुणवत्ता आणि शुल्क यांवरील वाद निदान आकड्यांच्या आधारे होईल.