उमेदवारीची खोली : स्कँडिनेव्हियन दिग्दर्शकांच्या घडणीविषयी

स्कँडिनेव्हियन दिग्दर्शक स्टुडिओतील किरकोळ कामांतून पायरीपायरीने वर आले, असे विधान सरसकट केले जाते. ते अर्धेच खरे आहे. उमेदवारी अनेकांनी केली. परंतु ती कोणत्या खोलीत केली, हा प्रश्न समीक्षेच्या दृष्टीने अधिक मोलाचा होय.

कार्ल ड्रायर मूळचा वृत्तपत्रकार. पहिल्या महायुद्धापूर्वी तो डेन्मार्कच्या नॉर्डिस्क फिल्म या संस्थेसाठी मूकपटांची शीर्षके लिहू लागला. पुढे पटकथा व संकलन ही कामेही त्याच्याकडे आली. त्याचा पहिला चित्रपट 'प्रेसिडेन्टन' १९१९ मध्ये प्रदर्शित झाला. शीर्षके लिहिणाऱ्यास प्रत्येक शब्द तोलावा लागतो, कारण पडद्यावर शब्द आला की चेहरा दिसेनासा होतो. ड्रायरच्या 'जोन ऑफ आर्क' (१९२८) मधील न्यायासनापुढचे सवालजबाब या दृष्टीने पाहावेत. शब्द आणि मुखमुद्रा यांचा जो झगडा तेथे चालतो, त्याची तालीम त्या जुन्या टेबलावर झाली असावी, असे मला वाटते.

इंगमार बर्गमनचा प्रवेशही लेखणीच्याच दारातून झाला. १९४३ मध्ये तो स्वेन्स्क फिल्मइंडस्ट्रीच्या पटकथा-विभागात इतरांच्या संहिता दुरुस्त करण्यास लागला. (विभागाच्या प्रमुख स्टीना बर्गमन; आडनाव एक, नाते नव्हे.) त्याच्या संहितेवरून आल्फ शेबर्गने 'हेट्स' (१९४४) काढला, तेव्हा बर्गमन साहाय्यक म्हणून चित्रीकरणास हजर होता. शेवट फार निराश वाटल्यामुळे काही दृश्ये वाढविण्यात आली. शेबर्ग अन्यत्र गुंतलेला असल्याने ती बर्गमनने घेतली. दोन वर्षांनी 'क्रिस' आला. त्याचे आरंभीचे चित्रपट पाहण्यापेक्षा ऐकण्याचेच अधिक आहेत, हा आक्षेप मला नाकारता येत नाही. त्याची दृष्टी गुन्नार फिशर व स्वेन निकविस्ट या छायालेखकांच्या सहवासात घडत गेली.

यान त्रोएलचे उदाहरण नेमके उलट आहे. हा शाळामास्तर बू विदरबर्गच्या 'बार्नवाग्नेन' (१९६३) या चित्रपटाचा छायालेखक होता. 'हार हार दू दित लिव' (१९६६) या आपल्या पहिल्या दीर्घ चित्रपटाचे दिग्दर्शन, छायालेखन आणि संकलन त्याने स्वतःच केले. तेथे अर्थ हातांत, हिमात, लाकडात साठतो. संवाद मागाहून येतो.

मात्र या उपपत्तीस निकविस्टच अडचणीत आणतो. छायालेखनात ज्याची बरोबरी क्वचितच कोणी करील, त्याच्या 'ऑक्सेन' (१९९१) मध्ये दुष्काळात मालकाचा बैल मारणाऱ्या मजुराची कथा आहे. प्रकाश निर्दोष, अभिनय संयत; तथापि अपराधाची आच प्रेक्षकापर्यंत पुरती पोहोचत नाही. तेव्हा खोली दृष्टी देते, दिग्दर्शक देतेच असे नव्हे.

१९६४ मध्ये स्टॉकहोम येथे व १९६६ मध्ये कोपनहेगन येथे चित्रपटविद्यालये निघाली, आणि नवोदितांस स्टुडिओच्या एका कोपऱ्यात वर्षे काढण्याची गरज उरली नाही. त्यानंतरच्या दिग्दर्शकांच्या शैलीचे मूळ उमेदवारीच्या खोलीत शोधू पाहणाऱ्या अभ्यासकाच्या हाती फारसे काही लागणार नाही.