खानदेश भिल्ल कोअर : उपकाराची कथा आणि साम्राज्याची युद्धनीती

प्रस्तावना

ब्रिटिश साम्राज्याच्या युद्धनीतीचा विचार करताना आरमार, तोफखाना व मोठ्या लढाया यांकडेच अभ्यासकांचे लक्ष प्रामुख्याने जाते. परंतु समुद्रापलीकडे फौजा पाठविणाऱ्या सत्तेला जिंकलेला मुलूख थोड्या सैन्यात आणि कमी खर्चात ताब्यात ठेवावा लागतो. १८२५ साली खानदेशात उभारण्यात आलेली भिल्ल कोअर, म्हणजेच भिल्लांची पलटण, हे या गरजेचे ठळक उदाहरण होय. या पलटणीविषयीचे रूढ लेखन मात्र तिच्याकडे युद्धनीती म्हणून नव्हे, तर उपकार म्हणून पाहते. प्रस्तुत लेखात या लेखनाची चिकित्सा केली आहे.

रूढ मांडणी आणि तिचे आधार

या विषयावरील माहिती मुख्यतः तीन इंग्रजी ग्रंथांतून घेतली जाते. गोल्डस्मिड यांनी लिहिलेले जेम्स औट्रम यांचे चरित्र (१८८०), मुंबई गॅझेटियरचा खानदेश खंड (१८८०) आणि सिमकॉक्स यांनी सरकारी दप्तरावरून सिद्ध केलेला खानदेश भिल्ल कोअरचा वृत्तान्त (१९१२) हे ते ग्रंथ होत. औट्रम शस्त्रधारी पहाऱ्याविना भिल्लांच्या वस्तीत राहिले, त्यांच्यासोबत वाघाच्या शिकारी केल्या, त्यांचा विश्वास संपादन केला आणि 'रानटी' लोकांना शिपाई बनविले, असे या कथेचे सूत्र आहे.

या ग्रंथांचे मोल नाकारता येणार नाही. हुकूम, पत्रव्यवहार व नेमणुका यांचा जो तपशील त्यांनी जपला, तो अन्यत्र एकत्रितपणे मिळणे कठीण आहे. औट्रम यांचे वैयक्तिक धाडसही खोटे नव्हते. तथापि सरकारी दप्तरावर उभ्या राहिलेल्या या लेखनात भिल्ल दोनच रूपांत दिसतो : चाकरीत आलेला शिपाई किंवा पकडावयाचा गुन्हेगार. या दोहोंपलीकडील भिल्ल समाज, त्याचे नाईक आणि त्यांचे परंपरागत हक्क कथेच्या कडेलाच राहतात.

थाळनेर ते धरणगाव

वृत्तान्ताचा आरंभ १८२५ पासून धरला की त्यापूर्वीचा काळ केवळ पार्श्वभूमी ठरतो. वस्तुतः महिदपूरची लढाई (२१ डिसेंबर १८१७) व मंदसोरचा तह (६ जानेवारी १८१८) यांनंतर होळकरांचा सातपुड्याच्या दक्षिणेकडील मुलूख इंग्रजांकडे आला. २७ फेब्रुवारी १८१८ रोजी सर थॉमस हिस्लॉप यांच्या फौजेने तापीकाठचे थाळनेर घेतले. किल्लेदार तुळशीराम यांस फाशी देण्यात आले आणि आतील सुमारे ३०० अरब शिबंदीची कत्तल झाली. १८१९ मध्ये ब्रिटिश पार्लमेंटने या युद्धातील सैन्याचे आभार मानले, तेव्हा हिस्लॉप यांच्या थाळनेर येथील कृतीविषयी मात्र आपले मत राखून ठेवले. खुद्द लंडनमध्ये वादग्रस्त ठरलेली ही घटना 'शांततेच्या' कथेत दुय्यम व्हावी, हे विचार करण्याजोगे आहे.

किल्ले पडले तरी सातपुडा व सातमाळा इंग्रजांच्या हाती आले नाहीत. कॅप्टन जॉन ब्रिग्ज यांनी डोंगरातील भिल्लांची रसद तोडणे, मोहिमा काढणे व नाईकांना तनखे देणे असे सर्व उपाय योजले. डोंगरी तापाने नियमित पलटणींचे शिपाई आजारी पडत आणि खर्च वाढत जाई. एल्फिन्स्टन यांच्या कारकीर्दीत १८२५ साली स्वीकारलेले नवे धोरण या अनुभवातून आले. त्यानुसार कन्नड भागात ओव्हन्स यांनी भिल्लांना जमीन व तगाई देऊन शेतीवर बसविले, तर औट्रम यांनी धरणगाव येथे पलटण उभारली. नांगर आणि बंदूक ही एकाच धोरणाची दोन अंगे होती.

व्यक्ती की धोरण

हे यश प्रामुख्याने औट्रम यांच्या व्यक्तिमत्त्वाचे असते, तर अन्यत्र तशा पलटणी उभ्या राहिल्या नसत्या. परंतु राजपुतान्यात मेरवाडा बटालियन १८२२ मध्येच, म्हणजे भिल्ल कोअरच्या आधी, स्थापन झाली होती. मेवाड भिल्ल कोअर १८४१ मध्ये निघाली, तेव्हा औट्रम यांचा खानदेशाशी संबंध संपून काही वर्षे लोटली होती. डोंगरातील लोकांकडूनच डोंगर राखून घ्यावयाचा, ही कंपनीची व्यापक पद्धती होती, असेच यावरून दिसून येते. १८३० मध्ये डांगच्या राजांविरुद्ध निघालेल्या मोहिमेत हीच पलटण वापरली गेली. म्हणजे पाचच वर्षांत संरक्षणासाठी उभारलेले दल शेजारचा मुलूख नमविण्याचे साधन बनले.

१८५७ ची कसोटी

स्थानिक दलांनी अंतर्गत बंदोबस्त सांभाळला की नियमित पलटणी दूरच्या युद्धांसाठी मोकळ्या होतात. १८५६-५७ मधील इराणवरील मोहिमेत मुख्यतः मुंबईचे सैन्य समुद्रमार्गे गेले. जानेवारी १८५७ मध्ये तिचे नेतृत्व स्वीकारणारे सेनापती औट्रमच होते. धरणगाव आणि खुशाबचे रणांगण (८ फेब्रुवारी १८५७) यांमधील हा दुवा केवळ चरित्रातला नाही; दोन्ही एकाच लष्करी व्यवस्थेचे भाग होते.

त्याच वर्षी या व्यवस्थेची मर्यादाही उघड झाली. पूर्वी कंपनीच्या चाकरीत सेंधवा घाटाची राखण केलेल्या खाज्या नाईकांनी नोव्हेंबर १८५७ मध्ये त्याच घाटात सुमारे सात लाखांचा सरकारी खजिना लुटला. ११ एप्रिल १८५८ रोजी अंबापाणी येथे मोठी लढाई झाली. हा उठाव मोडण्यासाठी नियमित पलटणींबरोबर भिल्ल कोअरही वापरण्यात आली. चाकरी म्हणजे निष्ठा नव्हे, हे खाज्या नाईकांच्या जीवनक्रमावरून स्पष्ट होते. त्याचबरोबर भिल्लांविरुद्ध भिल्ल उभे करण्यात सत्तेला यश आले, हेही मान्य करावे लागते.

समारोप

१८९१ मध्ये ही पलटण पोलीस दलात विलीन झाली. तिच्याविषयीची उपकाराची कथा मात्र टिकून राहिली. या कथेस उत्तर म्हणून केवळ बंडाची गौरवगाथा मांडली, तर पलटणीत गेलेले भिल्ल पुन्हा इतिहासाबाहेर राहतील. दुष्काळ, वतनांचा प्रश्न, सक्ती व नियमित पगार यांपैकी कोणत्या कारणाने कोण भरती झाले, हा प्रश्न विचारल्याशिवाय त्यांच्या निवडीचा अर्थ लागणार नाही. त्यासाठी इंग्रजी दप्तराबरोबर धुळे येथील राजवाडे संशोधन मंडळासारख्या संस्थांतील मोडी कागदपत्रे आणि भिल्ल समाजातील मौखिक परंपरा यांचे एकत्रित वाचन आवश्यक आहे. जळगाव, धुळे व नंदुरबार जिल्ह्यांतील महाविद्यालयांत शिकणारे अनेक आदिवासी विद्यार्थी याच दोन्ही बाजूंचे वारसदार आहेत. त्यांच्यासमोर हा इतिहास मांडताना पलटण आणि अंबापाणी एकाच प्रकरणात शिकविणे अधिक न्याय्य ठरेल.